पाड्यात माणसं किती?

(बेटेगाव इथं ग्रामपंचायतीच्या महिला सदस्यांच्या मेळाव्यात केलेलं भाषण. बोलण्याची भाषा शक्यतो तशीच ठेवली आहे.)

मैत्रिणींनो, आज्यांनो, आणि दारात उभ्या असलेल्या भावांनो,

मला सांगितलं गेलं की पंचायतीतल्या अनुभवावर बोल. अनुभव म्हटलं की मला एकच प्रश्न आठवतो. पाच वर्षं मी सदस्य होते आणि पाच वर्षं तो प्रश्न मला विचारला गेला. ‘ताई, तुमच्या पाड्यात माणसं किती?’ रस्ता मागितला, हाच प्रश्न. हातपंप मागितला, हाच प्रश्न. अंगणवाडी मागितली तरी हाच. विचारणारा शांतपणे विचारतो. शिवी देत नाही, हाकलून देत नाही. तुमचा आकडा ऐकतो, मान हलवतो आणि पुढच्या विषयाकडं वळतो. आज मी याच प्रश्नावर बोलणार आहे.

इथं बेटेगावात बसून हे जरा विचित्र वाटेल. इथं माणसांना तोटा नाही. तारापूरची औद्योगिक वसाहत आणि बोईसरचं स्टेशन हाकेवर. चाळी आणि बिल्डिंगा वाढतायत. बुलेट ट्रेनच्या बोईसर स्थानकाचं काम याच परिसरात. पण इथून चिल्हारच्या रस्त्याला लागा. मान, नागझरी मागं टाका, हमरस्ता ओलांडा आणि विक्रमगड, जव्हार, मोखाड्याकडं चढायला लागा. घरं विरळ होत जातात. एक पाडा टेकडीच्या या अंगाला, दुसरा त्या अंगाला, मध्ये नाला. जिल्हा एकच, १ ऑगस्ट २०१४ ला ठाण्यातून वेगळा झालेला. पण २०११च्या जनगणनेत एकट्या वसई तालुक्यात तेरा लाखांवर माणसं आणि मोखाडा तालुक्यात एक लाखसुद्धा नाहीत.

अशा विरळ भागात पंचायत कशी असते? गावं लहान, म्हणून दोन-तीन गावं आणि त्यांचे पाडे मिळून एक ग्रुप ग्रामपंचायत. कार्यालय मोठ्या गावात. सदस्य किती, हे लोकसंख्येवर ठरतं. कमीत कमी सात, जास्तीत जास्त सतरा. आमची पंचायत नऊ जणांची. त्यातले सहा मोठ्या गावाच्या दोन प्रभागांतले. आमचे पाच पाडे मिळून तिसरा प्रभाग, तिथून आम्ही तिघं. आता तुम्हीच हिशोब करा. प्रत्येक मतदानात सहा विरुद्ध तीन. आमच्या बाजूला न्याय असला तरी हात तीनच.

मी उभी का राहिले, ते सांगते. २०१३चा पावसाळा. आमच्या पाड्याला बाहेर पडायला एकच वाट, आणि वाटेवर नाला. साकव नव्हता. माझ्या शेजारच्या घरातल्या सुनेला रात्री कळा सुरू झाल्या. नाल्याला छातीएवढं पाणी. घोंगडीची झोळी केली, दोन बांबूंना बांधली, पण पुरुषांचे पाय ठरेनात. पहाटेपर्यंत आम्ही काठावर बसून राहिलो. पाणी उतरलं, दवाखाना गाठला. सून वाचली, बाळ नाही. तुमच्यातल्या कितीतरी जणींनी हे पाहिलंय. ऑगस्ट २०२२ मध्ये मोखाडा तालुक्यातल्या एका पाड्यावर जुळी बाळं गेली आणि त्या आईला झोळीतून न्यावं लागलं, तेव्हा पेपरांत मोठ्या बातम्या आल्या. आमच्या वेळी आली नव्हती. त्या दिवशी तिची सासू मला म्हणाली, ‘तू शिकलीस ना ग, मग पंचायतीत जाऊन बस.’ तेव्हा मला वाटलं, पंचायतीत जाऊन बसलं की साकव होतो.

२०१५ला निवडून आले. महाराष्ट्रात २०११पासून पंचायतीत बायांना निम्म्या जागा आहेत. त्याआधी ७३व्या घटनादुरुस्तीनं, १९९३ पासून, एक तृतीयांश होत्या. अनुसूचित क्षेत्रात सरपंचपद आदिवासीलाच. म्हणजे कागदावर आमच्यासाठी सगळं होतं. नऊपैकी पाच आम्ही बाया. आणि तरी पहिल्या बैठकीत भाऊसाहेबांनी, म्हणजे ग्रामसेवकांनी, प्रोसिडिंगचं बुक माझ्यासमोर सरकवलं आणि म्हणाले, ‘ताई, इथं सही करा, मजकूर मी मागाहून लिहितो.’ बाकीच्या जणींनी केली होती. मी म्हटलं, ‘भाऊसाहेब, आधी लिहा, मग करते.’ ते हसले. सगळे हसले. पण लिहावं लागलं. बायांनो, मी पाच वर्षांत जी काही कामं केली, त्यात हे पहिलं आणि मला वाटतं सगळ्यात मोठं. कोऱ्या पानावर सही करू नका. नवऱ्यानं सांगितलं तरी नाही, सरपंचांनी सांगितलं तरी नाही.

मग साकवाचा विषय काढला. आणि तो प्रश्न आला. मोठ्या गावातले एक जाणते सदस्य, वयानं मोठे, माझ्याशी नीट बोलणारे. म्हणाले, ‘ताई, तुझं खरं आहे. पण तुमच्या पाड्यात माणसं किती? त्रेचाळीस घरं. इथं गावात चारशे घरं आहेत. पैसा डोक्यावर येतो, मग डोकी जिथं जास्त तिथं काम नको?’ आणि गावाच्या वेशीवर कमान बांधायचं ठरलं.

मला त्या वेळी उत्तर देता आलं नाही. कारण ते खोटं बोलत नव्हते. चौदाव्या वित्त आयोगाच्या हिशोबात नव्वद टक्के भार लोकसंख्येला होता आणि दहा टक्के क्षेत्रफळाला. आकडा २०११च्या जनगणनेचा. बाकीच्या सोयीही डोक्यांवरच. आदिवासी भागात तीन हजार लोकांमागं एक उपकेंद्र, वीस हजारांमागं एक प्राथमिक आरोग्य केंद्र. मैदानी भागापेक्षा हे निकष सैल आहेत, हे खरं. पण तीन हजार माणसं बेटेगावसारख्या ठिकाणी दोन-चार गल्ल्यांत बसतात. आमच्याकडं तेवढी माणसं गोळा करायची तर नर्सबाईला पंधरा पाडे आणि चार नाले पार करावे लागतात. निकष डोकी मोजतो, तिची पायपीट मोजत नाही. शाळेचंही तेच. पट वीसच्या आत गेला की समूह शाळेचा विचार सुरू होतो, २०२३मध्ये तसं परिपत्रकच निघालं. दूरच्या शाळेत मुलगा सायकलवर जाईल. मुलगी घरी राहील, धाकट्याला सांभाळेल आणि मग लवकर लग्न होईल.

मी घरी येऊन विचार करत बसले. आमची माणसं कमी का? खरंच कमी आहेत का?

तुम्हाला माहीत आहे, दिवाळी झाली की आमचे पाडे रिकामे होतात. मुकादमाकडून उचल घेतलेली असते. वीटभट्टीवर जायचं, भिवंडीकडं, वसईकडं. नवरा, बायको, पोरं, कोंबड्यासुद्धा. परत येतात ते होळीला किंवा थेट पावसाच्या तोंडावर. मागं राहतात म्हातारी माणसं. आता जनगणना कधी झाली? २०११ला ९ ते २८ फेब्रुवारी. म्हणजे आमच्या घराला काटेरी झाप लावून आम्ही भट्टीवर गेलो होतो, तेव्हा सरकार माणसं मोजत होतं. मोजणीच्या सगळ्या दिवसांत जो घरी नाही, तो त्या घरात मोजला जात नाही. जिथं असेल तिथं मोजायचा असतो. भट्टीवरच्या झोपड्यांत मोजणारा पोचला का? माझ्या जावेला विचारलं, नणंदेला विचारलं. एकीलाही कोणी काही विचारल्याचं आठवत नाही. आणि पोचला असला तरी तो आकडा भिवंडीच्या खात्यात गेला, आमच्या पाड्याच्या नाही.

ग्रामसभेचंही बघा. वर्षात निदान चार ग्रामसभा. २६ जानेवारी, १ मे, १५ ऑगस्ट, २ ऑक्टोबर या नेहमीच्या तारखा. यातली २६ जानेवारीची सभा म्हणजे भट्टीचा ऐन हंगाम. पाड्यातलं कोणी नसतं आणि नेमके वर्षाचे मोठे विषय निघतात. मग म्हणतात, पाड्याच्या लोकांना ग्रामसभेत रस नाही.

म्हणजे मैत्रिणींनो, विरळ वस्ती ही नुसती डोंगर-नाल्यांमुळं होत नाही. ती केली जाते. आधी जमीन गेली, सावकाराकडं आणि जंगल खात्याकडं. मग पोट भरायला बाहेर पडावं लागलं. आणि बाहेर पडलो म्हणून आम्ही मोजण्यात कमी झालो.

हे आपल्याकडंच घडतं असं नाही. कॅनडात सस्कॅचेवान नावाचा प्रांत आहे, सपाट गवताळ मैदानाचा. तिथं आपल्या पंचायतीसारख्या जवळजवळ तीनशे ग्रामीण नगरपालिका आहेत. नकाशावर पट्टी ठेवून आखलेल्या, साधारण अठरा मैल लांब, अठरा मैल रुंद. काहींत दोनशे माणसंही नाहीत. तरी निवडून आलेलं मंडळ असतं, सरपंचासारखा एक प्रमुख असतो आणि मुख्य काम रस्ते सांभाळणं. तिथं मंडळाला कर मिळतो तो शेतजमिनीवर, म्हणून डोकी कमी असली तरी रस्ता होतो. हे ऐकून मला आधी हेवा वाटला. पण ती जमीन मोकळी कशी झाली? तिथल्या मूळ रहिवाशांना १८७१ नंतर एकामागून एक करार करून राखीव तुकड्यांत बसवलं आणि बाकीची जमीन बाहेरून आलेल्यांना वाटली. दहा डॉलर भरा, एकशे साठ एकर घ्या. पण ती पुरुषाला. बाईला हवी असेल तर ती कुटुंबप्रमुख असली पाहिजे, म्हणजे बहुतेक विधवा आणि पदरात पोरं. बायांनी तिथं जमिनीसाठी मोहीम चालवली, अर्ज केले. सरकार बधलं नाही. १९१६ला बायांना मतदान मिळालं, जमीन नाही मिळाली. आणि करारातल्या मूळ रहिवाशांना देशाच्या निवडणुकीत मतदान १९६० पर्यंत नव्हतं. मला एवढंच म्हणायचंय, वस्ती विरळ दिसली की आधी विचारा, इथं पूर्वी कोण होतं आणि जमीन कोणाच्या नावावर गेली.

आपल्याकडं हा प्रश्न विचारणाऱ्या बाया होऊन गेल्या. १९४५ला गोदावरी परुळेकर या भागात आल्या, तेव्हा वारल्यांवर वेठ होती. लग्नासाठी कर्ज काढलं की नवरा-बायको दोघं सावकाराकडं लग्नगडी म्हणून राबायचे. त्या वर्षी ऑक्टोबरात तलवाड्याला गोळीबार झाला, माणसं मेली, पण वेठ गेली. त्या लढ्याला पाड्यांचं विरळपण आड आलं नाही. माणसं रात्री चालत सभेला यायची. म्हणून कोणी म्हणालं की पाडे लांब लांब आहेत, बाया जमणार नाहीत, तर मला ते पटत नाही.

आम्ही काय केलं ते सांगते. कायद्यात आहे की प्रत्येक ग्रामसभेच्या आधी महिला सभा घ्यायची. आमच्याकडं ती कार्यालयात कागदावर व्हायची. मी म्हटलं, या वेळी सभा आमच्या पाड्यावर. मोठ्या गावच्या सरपंचताई येईनात. माझी सासू त्यांच्या घरी गेली आणि म्हणाली, ‘बाई, तुझ्या पाया पडते, एकदा नाला ओलांडून ये.’ त्या आल्या. जुलै महिना होता, पाणी मांडीपर्यंत. साडी सावरत, दोघींचा हात धरून ओलांडला. अलीकडं आल्या आणि बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, ‘लिहा ठराव.’ त्या सभेला सत्तर बाया होत्या.

१५ ऑगस्ट २०१६ची ग्रामसभा. त्या वेळी भट्टीवर कोणी नसतं, लावणीही आटोपलेली. पाचही पाड्यांतल्या बाया सकाळीच कार्यालयासमोर जाऊन बसल्या. पुन्हा प्रश्न आला, माणसं किती? या वेळी उत्तर द्यायला मी उठलेच नाही. शेजारची ती सून उठली. म्हणाली, ‘एक कमी.’

सभा गप्प झाली.

पेसाचा पाच टक्के निधी त्याच सुमारास यायला लागला होता. आदिवासी उपयोजनेतला हा पैसा थेट पेसा ग्रामपंचायतींना येतो आणि कशावर घालायचा ते ग्रामसभा ठरवते. त्यात पायाभूत सुविधांचं शीर्षक आहे. त्यातून साकवाचा ठराव झाला. मोठ्या गावातल्या बायांनीही हात वर केला. आता सहा विरुद्ध तीन असा हिशोब राहिलाच नाही, कारण सभा सदस्यांची नव्हती, सगळ्यांची होती. साकव पुरा व्हायला मात्र २०१८चा उन्हाळा उजाडला. दोन पावसाळे आणखी गेले. प्रत्येक पावसात पाड्यात कोणाला दिवस गेलेत याची मी यादी ठेवायची आणि आठवा लागला की तिला नाल्यापलीकडं नातेवाइकांकडं पाठवायची. विजयाची गोष्ट म्हणून सांगताना हे विसरू नये.

आणि एक हार सांगते. ती ‘एक कमी’ म्हणणारी सून, तिला पुढं निवडणुकीला उभं करायचं आम्ही ठरवलं होतं. माझ्यापेक्षा चांगलं बोलते. पण दोनपेक्षा जास्त मुलं असतील आणि त्यातलं एखादं सप्टेंबर २००१ नंतरचं असेल तर उभं राहता येत नाही. तिला तीन. पोरं किती व्हावीत हे तिनं एकटीनं ठरवलं होतं का? एक बाळ गेलेली बाई आणखी एका पोराची आस धरते, यात गुन्हा काय? एकीकडं म्हणायचं तुमची माणसं कमी आहेत, आणि दुसरीकडं म्हणायचं तुला पोरं जास्त आहेत. दोन्हीकडून दार तिलाच बंद. या नियमाविरुद्ध स्त्री-संघटना इतकी वर्षं बोलतायत. आपणही बोललं पाहिजे.

आता जरा व्यवहाराचं. उद्यापासून करता येतील अशा काही गोष्टी.

पहिली, महिला सभा दर वेळी वेगळ्या पाड्यावर घ्या. जिनं नाला ओलांडला नाही तिला नाला कळत नाही. सभेचा ठराव तिथंच लिहून घ्या, वाचून घ्या, मग सही.

दुसरी, पंचायतीच्या उत्पन्नाचे दहा टक्के महिला आणि बालकल्याणासाठी असतात. त्याचा हिशोब मागा. शिलाई मशीन वाटून फोटो काढला की तो पैसा संपला, असं होऊ देऊ नका.

तिसरी, घर आणि जमीन. घराच्या नोंदीत नवरा-बायको दोघांचं नाव लागू शकतं, नमुना आठचा उतारा काढून बघा. २००६च्या वनहक्क कायद्यात पट्टा दोघांच्या नावानं द्यायचा असं स्पष्ट आहे. आज बुलेट ट्रेन आहे, रस्ते आहेत, समुद्राकडं वाढवणला बंदर आहे. मोबदला सातबारावर ज्याचं नाव त्याला. नाव नसेल तर जमीन जाताना तुम्हाला कोणी विचारणार नाही आणि पैसे येताना तर नाहीच.

चौथी, पेसात असाल तर २०१४च्या नियमांनुसार पाड्यालाही स्वतंत्र गाव म्हणून घोषित करून घेता येतं. पाड्यातल्या मतदारांनी ठराव करून उपविभागीय अधिकाऱ्याकडं पाठवायचा. मग ग्रामसभा तुमची, तुमच्या दारात. पालघर तालुक्यातली काही गावं अनुसूचित क्षेत्रात आहेत, काही नाहीत. आपलं कुठं आहे ते आधी तपासा.

पाचवी, आणि हिची घाई आहे. पुढच्या जनगणनेचा संदर्भदिन १ मार्च २०२७ जाहीर झालेला आहे. म्हणजे मोजणी पुन्हा फेब्रुवारीतच. पुन्हा भट्टीचा हंगाम. तेव्हा आत्तापासून पाड्याची यादी करा. कोण कुठल्या भट्टीवर जातं, कोणत्या मुकादमाबरोबर, घरात माणसं किती, पोरं किती. ग्रामसभेत ती यादी वाचून ठरावाला जोडा आणि तहसीलदारांना द्या. भट्टीवर मोजणारा गेला पाहिजे ही मागणी आत्ताच करा. आणि बेटेगाव-बोईसरच्या मैत्रिणींनो, इथं तुमचं काम आहे. तुमच्या मागच्या चाळींत, कंपन्यांच्या कंत्राटी कामावर आमच्याच पाड्यांतल्या पोरी राहतात. त्या इथल्या मतदार यादीत नाहीत आणि तिथल्या घरात नाहीत. त्यांचं दार वाजवा. त्यांना विचारा, तुला कोणी मोजलं का?

माझी मुदत २०२०ला संपली. आता मी कोणी नाही, साधी मतदार आहे. पण परवा एका बैठकीला गेले होते, दुसऱ्या एका पाड्याच्या रस्त्यासाठी. तिथल्या नव्या सदस्य बाईला तोच प्रश्न विचारला गेला. वीस-बावीस वर्षांची पोर. तिनं पिशवीतून वही काढली आणि एकेक घर वाचायला लागली. कर्त्या बाईचं नाव, घरातली माणसं, भट्टीवर गेलेली, परत न आलेली. साहेब म्हणाले, ‘अहो, फक्त आकडा सांगा.’ ती म्हणाली, ‘थांबा साहेब, अजून अकरा घरं राहिलीत.’

तिला वाचू द्या. आणि आपापली वही आज घरी गेल्यावर उघडा.

जिंदाबाद.